तिच्याकडे सगळे बघतात, ती कुणाकडे बघते? : ‘कुंकू’पासून ‘सैराट’पर्यंत, पडद्यावरची वयात येणारी मुलगी

(या भागाचं शब्दांकन. ऐकायचंय त्यांनी वरचं प्लेचं बटण दाबा, वाचायचंय त्यांनी खाली या.)

आजचा भाग थोडा वेगळा आहे. नेहमी आपण लढाया, तह, जुने कायदे, जुनी शहरं असं काहीतरी घेऊन बसतो. आज सिनेमा आहे. पण इतिहासच आहे, काळजी नसावी. आणि सुरुवात माझ्यापासून आहे, कारण हा विषय डोक्यात शिरला तो एका गेट-टुगेदरमध्ये.

जानेवारी २०१२. ‘शाळा’ सिनेमा आला तेव्हा मी नववीत होतो. सिनेमातला जोशी पण नववीत. म्हणजे बघा, काय टायमिंग! आमच्या गावात तो लागलाच नाही. मावसभावाच्या कम्प्युटरवर, पेनड्राइव्हमधून, पाच पोरं एका पलंगावर बसून आम्ही तो पाहिला. आणि दुसऱ्या दिवसापासून प्रत्येकाला आपापली शिरोडकर सापडली.

मलाही सापडली. नाव सांगणार नाही. आमच्याच वर्गातली. तिच्याशी मी वर्षभरात किती बोललो असेन? मोजून चार-पाच वाक्यं, त्यातलं एक ‘जर्नल आणलंस का’. पण सायकलवरून तिच्या ट्यूशनपर्यंत मागे मागे जाणं, तिच्या येण्याजाण्याच्या वेळा पाठ असणं, बेंचवर कर्कटकाने दोघांच्या नावांची पहिली अक्षरं कोरणं, हे सगळं मनापासून केलं. दहावीत तिने ट्यूशन सोडली. आम्हाला वाटलं, हुशार आहे, घरीच करत असेल अभ्यास. मी महिनाभर उदास होतो. त्या उदासीचं मला कौतुकसुद्धा वाटायचं. जोशीसारखंच झालं की आपलं!

मागच्या वर्षी शाळेच्या बॅचचं गेट-टुगेदर झालं. ती आली होती. चहाच्या वेळी ‘शाळा’चा विषय निघाला, सगळे आठवणींत हरवले. ती म्हणाली, “मी पण पाहिलाय तो. मला एकच वाटत होतं, शिरोडकरच्या घरी काय झालं ते दाखवायला हवं होतं.”

मग तिने सांगितलं. ती अक्षरं कुणीतरी वाचली. गोष्ट घरी गेली. भाऊ दोन दिवस ट्यूशनच्या कोपऱ्यावर उभा राहिला आणि त्याने आमची सायकलींची वरात पाहिली. ट्यूशन बंद. अकरावीला सायन्स घ्यायचं होतं, पण सायन्सचं कॉलेज म्हणजे एस.टी.ने रोजचं जाणं-येणं. घरच्यांनी नाही म्हटलं. गावातल्याच कॉलेजात आर्ट्स. आज ती नोकरी करते, नीट आहे, रागावून बोलत नव्हती. ‘तू कोरलं होतंस हे मला माहीत नव्हतं’, असं हसून म्हणालीसुद्धा. मला मात्र त्या रात्री झोप आली नाही.

(हे तिला विचारून सांगतोय. तिची एकच अट होती, नाव आणि गाव नको.)

तर आजचा प्रश्न हा. आपल्या सिनेमांत चौदा-पंधरा-सोळा वर्षांची मुलगी कुणाच्या डोळ्यांतून दिसते? तिचं स्वतःचं झुरणं, तिची स्वतःची ओढ कधी दिसते का? आणि हे असंच का झालं? चला, मागे जाऊ. बरंच मागे.

एक : जेव्हा ‘वयात येणं’ नावाचा काळच नव्हता

आधी एक गोष्ट लक्षात घ्या. ‘टीनएज’ हा जो काळ आपण गृहीत धरतो, शाळा, मैत्रिणी, क्रश, बोर्डाची परीक्षा, तो मुलींच्या आयुष्यात होताच कुठे? १८९१ मध्ये इंग्रज सरकारने संमतिवयाचा कायदा केला. मुलीचं संमतिवय दहावरून बारा झालं. फक्त बारा! आणि त्यावरही पुण्या-मुंबईत केवढं रान उठलं होतं. टिळकांचा त्याला विरोध होता, हे आपण शाळेत वाचलेलं आहे. त्यांचं म्हणणं असं की परक्या सरकारने आमच्या घरात ढवळाढवळ करू नये. पण भांडण कुणाच्याही बाजूने लढलं गेलं तरी बारा वर्षांच्या मुलीला कुणी काही विचारलं नव्हतं.

मग १८९९. गोविंद बल्लाळ देवलांचं ‘संगीत शारदा’. विषय जरठ-कुमारी विवाह, म्हणजे म्हाताऱ्याशी कोवळ्या मुलीचं लग्न लावून देणं. शारदेचा बाप पैशासाठी तिला विकायला निघालाय. आपल्याकडे लोकप्रिय कलेत वयात येणाऱ्या मुलीचं दुःख असं मध्यभागी आणून ठेवलं ते या नाटकाने. महाराष्ट्र रडला त्यावर. पण गंमत बघा. त्या काळी संगीत नाटकांत बायकांच्या भूमिका पुरुष करायचे. म्हणजे शारदा कोण? पातळ नेसलेला पुरुष. पुढे बालगंधर्वांनीही शारदा केली. मुलीचं दुःख लिहिलं पुरुषाने, गायलं पुरुषाने. मुलगी कुठे होती? फार तर प्रेक्षकांत, बायकांच्या जागेवर.

पुढे १९२९ चा बालविवाह प्रतिबंधक कायदा आला, मुलीचं लग्नाचं किमान वय १४ झालं, आणि १ एप्रिल १९३० पासून तो लागू झाला. आपल्याकडे जुने लोक त्याला ‘शारदा कायदा’ म्हणतात आणि बऱ्याच जणांना वाटतं की तो या नाटकावरून आला. तसं नाहीये. तो हरविलास सारडा यांच्या नावावरून. पण योगायोग असा जमलाय की कुणाला दुरुस्त करावंसंही वाटत नाही.

आता सिनेमा. १९१३ मध्ये दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ केला, त्यात तारामती झाले होते साळुंके नावाचे गृहस्थ, जे एका खाणावळीत काम करायचे. बाई मिळेचना. पण त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये फाळक्यांना दोन बायका मिळाल्या. दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमलाबाई मोहिनी. कमलाबाईंचं वय? तेरा वर्षांच्या आसपास. या म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, विक्रम गोखल्यांच्या आजी.

हे जरा पचवा. भारतीय सिनेमातली पहिली नायिका ही एक वयात येणारी मुलगी होती. आणि तिची पहिली भूमिका कुठली? मोहिनी. जिच्याकडे बघून समोरचा इतका वेडा होतो की स्वतःच भस्म होतो. म्हणजे पहिल्या दिवसापासून काम ठरलेलं : तू फक्त दिस. बाकीचं बघणारा बघून घेईल.

दोन : नीरा नाही म्हणते

१९३७. पुणे. प्रभात फिल्म कंपनी. व्ही. शांताराम ‘कुंकू’ करतात. कथा ना. ह. आपट्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरची. हिंदीत हाच सिनेमा ‘दुनिया न माने’.

नीरा अनाथ आहे, मामाने तिला फसवून म्हाताऱ्या वकिलाशी तिचं लग्न लावलंय. नीरा झाल्या शांता आपटे, वकील काकासाहेब म्हणजे केशवराव दाते. इथपर्यंत ‘शारदा’च वाटते. पण शारदा रडत होती. नीरा नाही म्हणते. लग्न झालं असेल तुमच्या लेखी, मी मानत नाही. ती काकासाहेबांना जवळ येऊ देत नाही. पूर्ण सिनेमाभर.

आपल्या विषयासाठी सगळ्यात महत्त्वाचं काय, तर नीराला स्वतःचं मन आहे. ती चिडते, खिदळते, एका प्रसंगात चक्क लाँगफेलोची इंग्रजी कविता गाते. १९३७ मध्ये, नऊवारी-अंबाड्याच्या घरात! आणि या सिनेमाला पार्श्वसंगीत नाही. भिंतीवरच्या घड्याळाची टकटक, भांड्यांचे, रस्त्यावरचे आवाज. तुम्ही इअरफोन लावून हा सिनेमा बघा, यूट्यूबवर सापडतो. त्या घरात अडकलेल्या मुलीला काय ऐकू येत असेल ते तुम्हाला ऐकू येतं. तिच्याकडे बघायच्या ऐवजी तिच्या कानांनी ऐकायला लावणं, ही केवढी मोठी गोष्ट आहे!

आणि काकासाहेबांना पण आरसा दाखवलाय, अगदी खराखुरा. ते आरशासमोर उभे राहतात आणि स्वतःचं म्हातारपण त्यांना सहन होत नाही. बघणाऱ्याला स्वतःकडे बघायला लावणारा सिनेमा. शेवटी ते आत्महत्या करतात आणि नीराला दुसरं लग्न करायला सांगून जातात. इथे मात्र माझी थोडी तक्रार आहे. नीराची सुटका होते ती पुरुषाला उपरती झाल्यावर. तिच्या ‘नाही’ला शेवटी त्याची परवानगी लागली. पण ८०-९० वर्षांपूर्वीच्या सिनेमाकडून आणखी किती मागणार?

तीन : गुड्डीचा आजार

आता एक मस्त योगायोग. प्रभातचा स्टुडिओ बंद पडला आणि १९६० मध्ये त्याच जागेवर फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली. जिथे नीरा ‘नाही’ म्हणाली, त्याच आवारात दहा वर्षांनी एक मुलगी अभिनय शिकत होती, जया भादुरी. तिथून हृषिकेश मुखर्जींनी तिला उचललं आणि १९७१ मध्ये आला ‘गुड्डी’.

तुमच्यापैकी किती जणांनी पाहिलाय माहीत नाही, पण बघाच. शाळेत जाणारी गुड्डी, गणवेशातली, दंगेखोर. आणि ती धर्मेंद्रच्या प्रेमात आहे. पडद्यावरच्या कुठल्या पात्राच्या नाही, खऱ्या धर्मेंद्रच्या. धर्मेंद्र सिनेमात स्वतःचीच भूमिका करतो. घरात तिच्यासाठी नवीन नावाचं चांगलं स्थळ आहे, पण गुड्डी म्हणते, मीरेने कृष्णाला मनाने वरलं होतं ना, तसंच माझं.

इथे पहिल्यांदा असं झालं की मुलगी बघणारी आहे आणि पुरुष बघितला जाणारा. ती फोटो जमवते, ती स्वप्नं बघते, ती झुरते. सिनेमा तिची टिंगल करत नाही, हे पण सांगतो. हृषिदांचा हात हळुवार आहे.

पण मग काय होतं? नवीनचा मामा मानसशास्त्राचा प्राध्यापक आहे, उत्पल दत्त. मामा, नवीन आणि खुद्द धर्मेंद्र, तिघे मिळून ठरवतात की हिला शूटिंगला न्यायचं आणि सगळं मागून दाखवायचं. मारामारी खोटी, पाऊस खोटा, हिरोच्या जागी उडी मारणारा दुसराच कुणीतरी गरीब माणूस. एका पडक्या स्टुडिओत उभा राहून धर्मेंद्र बिमल रॉयच्या सिनेमांची आठवण काढतो, तो प्रसंग तर काळजाला भिडतो. हळूहळू गुड्डीला कळतं की आपण ज्याची पूजा केली तो देव नाही, कामावर जाणारा माणूस आहे. ताप उतरतो. ती नवीनला हो म्हणते.

मी दोनदा पाहिला हा सिनेमा. पहिल्यांदा वाटलं, काय गोड आहे. दुसऱ्यांदा, त्या गेट-टुगेदरनंतर पाहिला तेव्हा एक गोष्ट टोचली. मुलीला कुणाबद्दल तरी वेड लागलं तर तो आजार. घरचे मोठे लोक एकत्र बसून त्यावर इलाज करतात. तीन शिकलेले पुरुष तिला समजावतात की बाळ, तुझ्या डोक्यातला माणूस आणि खरा माणूस वेगळे असतात. बरोबरच आहे की! फार मोलाचा धडा आहे. पण माझा प्रश्न असा : हा धडा मुलांना कुणी दिला? मला नववीत कुठल्या मामाने हाताला धरून नेलं आणि दाखवलं की ती शिरोडकर नाहीये रे, ती एक मुलगी आहे, तिला सायन्सला जायचंय?

मुलींच्या वेडाला आपण इलाज शोधला. मुलांच्या वेडाला आपण गाणी दिली.

चार : पिठाचा हात

दोनच वर्षांनी, सप्टेंबर १९७३ मध्ये ‘बॉबी’. राज कपूरचा ‘मेरा नाम जोकर’ आपटला होता, डोक्यावर कर्ज होतं आणि त्याने ठरवलं की आता पोरांची प्रेमकथा करायची. बॉबी ब्रॅगान्झा, गोव्याच्या कोळी बापाची, ख्रिश्चन घरातली मुलगी. राजा, श्रीमंताचा मुलगा. डिंपल कपाडिया तेव्हा सोळा वर्षांची.

‘बॉबी’तला पहिल्या भेटीचा प्रसंग प्रसिद्ध आहे. राजा दार वाजवतो, बॉबी दार उघडते, स्वयंपाकघरातून आलेली, हाताला बेसन. ती केस मागे सारते आणि बेसन केसांना लागतं. हा प्रसंग कुठून आला? राज कपूर आणि नर्गिसच्या पहिल्या भेटीतून. नर्गिसने असंच दार उघडलं होतं, असाच हात केसांना लागला होता. पंचवीसेक वर्षं तो क्षण त्याने जपून ठेवला आणि १९७३ मध्ये एका सोळा वर्षांच्या मुलीला देऊन टाकला.

म्हणजे बॉबी कोण आहे? पन्नाशीला आलेल्या एका माणसाची आठवण. मुलगी सोळाची, आठवण त्याची. मला वाटतं, आपल्या विषयाची किल्ली इथे आहे. पडद्यावरची वयात येणारी मुलगी बहुतेक वेळा मुलगी नसतेच. ती कुठल्यातरी मोठ्या झालेल्या पुरुषाची आठवण असते. आणि आठवणीला भूक लागत नाही, आठवणीचा पेपर अवघड जात नाही, आठवणीला तिचा भाऊ मारत नाही. आठवण फक्त सुंदर असते. ‘बॉबी’चा कॅमेरा तिच्याकडे ज्या नजरेने बघतो, ती नजर आज बघताना अवघडायला होतं. पोस्टरवर, कपड्यांच्या फॅशनमध्ये, सगळीकडे बॉबी दिसली. बॉबीला काय हवंय? राजा हवाय, एवढंच.

आणि पडद्याबाहेर? सिनेमा लागायच्या सहा महिने आधी, मार्च १९७३ मध्ये, डिंपलचं राजेश खन्नाशी लग्न झालं होतं. वय १५. कायद्यात बसत होतं ते, कारण १९४९ पासून मुलीचं लग्नाचं किमान वय १५ होतं, १८ झालं ते १९७८ मध्ये. म्हणजे देश जिच्याकडे तारुण्याचं स्वप्न म्हणून बघत होता, ती स्वतः संसाराला लागली होती. पुढे दहा-अकरा वर्षं ती पडद्यावर दिसलीच नाही.

पाच : जोशी, दगडू, जब्या आणि मी

आता येऊ आपल्या पिढीकडे.

‘शाळा’ ही मिलिंद बोकिलांची कादंबरी, आणीबाणीच्या काळातली. मुकुंद जोशी आपल्याला सगळं सांगतो. सुजय डहाकेने तो सिनेमात आणला, त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. कादंबरी मला आजही आवडते, हे खोटं कशाला बोलू? नववीतल्या मुलाच्या डोक्यात काय चालतं ते इतकं नेमकं फार कमी लोकांनी लिहिलंय. आणि शिरोडकर मठ्ठ बाहुली नाहीये, ती बोलते, ठाम आहे. पण गोष्ट जोशीची आहे. शिरोडकर दिसते ती जोशीला दिसते तेवढीच. ती गाव सोडून जाते तेव्हा आपण जोशीबरोबर मागे राहतो. तिच्या गाडीत आपण बसत नाही.

२०१४ च्या जानेवारीत ‘टाइमपास’ आला. पेपर टाकणारा दगडू आणि लेल्यांची प्राजक्ता. आणि प्राजक्ता कोण? केतकी माटेगावकर, म्हणजे ‘शाळा’तली शिरोडकरच. दोन वर्षांत एकच चेहरा आमच्या पिढीसाठी ‘ती’ होऊन बसला. दोन वेण्या, खाली बघणं, गाणं, कडक बाप. आमच्या वर्गातल्या कुठल्याच मुलीला कधी पाळीत पोटात दुखलं नाही, कधी गणिताची भीती वाटली नाही, असंच आम्हाला वाटत राहिलं, कारण पडद्यावरच्या ‘ती’ला यातलं काहीच होत नव्हतं.

त्याच फेब्रुवारीत नागराज मंजुळेचा ‘फँड्री’ लागला. आणि त्याने सगळं उलटंपालटं केलं.

वरवर बघाल तर तीच गोष्ट. जब्याला वर्गातली शालू आवडते. तो तिच्याकडे बघत राहतो. दोघांमध्ये असं खरं बोलणं होतच नाही. काळ्या चिमणीची राख तिच्यावर टाकली की ती आपली होईल, म्हणून तो रानोमाळ चिमणी शोधतो. पण जब्या कैकाडी आहे, घरचं काम डुकरं धरायचं, आणि शालू वरच्या जातीची. त्यामुळे शालूकडे बघणं म्हणजे नुसतं मुलीकडे बघणं नाही. ज्या जगात आपल्याला येऊ देत नाहीत त्या जगाच्या खिडकीकडे बघणं आहे. चांगली जीन्स, चांगले केस, शालू, हे सगळं त्याच्यासाठी एकच आहे. हे झुरणं दगडूच्या झुरण्यापेक्षा वेगळं आहे, आणि माझ्यापेक्षा तर फारच वेगळं. मी सायकलवरून मागे गेलो तर फार तर कुणी ओरडलं असतं. जब्याला काय झालं असतं ते आपल्याला माहीत आहे.

आणि मग ते डुकराच्या मागे धावण्याचं दृश्य. सगळं गाव मजा बघतंय. जब्या लपायचा प्रयत्न करतोय, कारण शालू तिथे आहे. आणि शालू हसते.

थिएटरमध्ये मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा शालूचा प्रचंड राग आला. आज वाटतं, मंजुळेने तिथे आपल्या सगळ्यांना गुड्डीचा धडा दिलाय, पण हळुवार नाही, फाडकन. शालू देवी नव्हतीच. ती त्या गावातली, त्या जातीतली, त्या शाळेतली एक साधी मुलगी होती, गाव हसतं तेव्हा हसणारी. तिला देवी जब्याने केलं होतं. आणि शेवटचा दगड तो शालूला मारत नाही, हे लक्षात ठेवा. तो येतो आपल्याकडे, बघणाऱ्यांकडे.

सहा : आर्ची मान वळवते

२९ एप्रिल २०१६. ‘सैराट’. यावर इतकं बोललं गेलंय की मी पटकन पुढे जाणार होतो. पण एका गोष्टीपाशी थांबू.

आर्ची बघते. वर्गात परश्याकडे ती टक लावून बघते, तोच गडबडतो. विहिरीवर पोरं पोहत असताना ती येते आणि त्यांना बाहेर निघायला सांगते. बुलेट चालवते, ट्रॅक्टर चालवते. रिंकू राजगुरू तेव्हा शाळेतच होती, पंधराची पण झाली नव्हती. त्या वर्षी आमच्या कॉलेजच्या होस्टेलमध्ये सगळ्यांच्या तोंडी तिचे डायलॉग होते. ‘कुंकू’नंतर इतक्या वर्षांनी मराठी पडद्यावर एक मुलगी असं मोठ्याने म्हणत होती की मला हा हवाय.

पण तिला हे का जमतं? कारण ती पाटलाची मुलगी आहे. परश्या मासेमारी करणाऱ्या घरातला. तिच्या बघण्यामागे बापाची ताकद आहे. आणि तीच ताकद नंतर तिच्यावर उलटते. दुसऱ्या भागात, हैदराबादच्या झोपडपट्टीत, आर्चीला पहिल्यांदा स्वतःच्या हाताने कमवावं लागतं, वास सहन करावा लागतो, घरची आठवण येते. मला हा दुसरा भाग जास्त महत्त्वाचा वाटतो. कारण तिथे आर्ची आठवण राहत नाही. तिथे ती थकते, भांडते, आईला फोन करते. प्रेमकथेतली मुलगी ‘आणि मग काय झालं’पर्यंत पोचते, हे आपल्याकडे किती वेळा झालंय? आणि शेवट तुम्हाला माहीत आहे. मी सांगत नाही. ज्या मुलीने बघितलं, निवडलं, तिला काय किंमत द्यावी लागली, ते त्या लहान मुलाच्या लाल पावलांत आहे.

माझ्या वर्गातल्या ‘ती’ने तर कुणाकडे बघितलंही नव्हतं. तरी किंमत तिनेच दिली.

सात : बाईच्या हातात कॅमेरा

आता तुम्ही म्हणाल, हे सगळे दिग्दर्शक पुरुषच. बरोबर पकडलंत. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा १९९५ चा ‘दोघी’ बघा. गौरी आणि कृष्णा, दोन बहिणी, दुष्काळी गाव. गौरीच्या लग्नाच्या दिवशीच नवरदेव अपघातात जातो. गौरी अपशकुनी ठरते, पुढे मुंबईला पाठवली जाते, आणि तिच्या पैशावर घर जगतं. रेणुका दफ्तरदार आणि सोनाली कुलकर्णी. या सिनेमात मुलीला हवाहवासा वाटणारा माणूस कोण आहे? तिची बहीण. कृष्णा झुरते ती गौरीसाठी. मुलींच्या आयुष्यात मुलगा सोडून दुसरीही ओढ असते, हे एवढं साधं सत्य आपल्या पडद्यावर किती दुर्मीळ आहे!

आणि अगदी अलीकडचा, २०२४ चा, ‘गर्ल्स विल बी गर्ल्स’. दिग्दर्शिका शुची तलाटी, सनडान्सला प्रेक्षकांचा पुरस्कार मिळालेला. डोंगरातली निवासी शाळा, मीरा नावाची हेड प्रीफेक्ट, तिची आई, आणि एक मुलगा. मीरेच्या मनात काय चाललंय ते मीरेच्याच बाजूने. तिथे मुलांनी जिन्याखाली उभं राहून त्रास देणं हे गोड नाही वाटत, भीती वाटते. तोच प्रसंग आपण शंभर सिनेमांत हसत हसत पाहिलाय. कॅमेरा जिन्याच्या दुसऱ्या टोकाला गेला, एवढाच फरक.

शेवटी

मी सॉफ्टवेअरवाला माणूस. आमच्याकडे एक सवय असते. प्रोग्रॅम चुकला की लॉग उघडायचे, कुठल्या ओळीवर गडबड झाली ते बघायचं. मी माझ्या नववीचे लॉग उघडून पाहिले. ‘शाळा’मुळे मी ते अक्षर कोरलं असं म्हणणं सोपं आहे, पण खोटं आहे. सिनेमा बघायच्या आधीही पोरं बेंच कोरतच होती. सिनेमाने मला एवढंच सांगितलं की हे जे तू करतोयस ते सुंदर आहे. आणि तिच्या घरी काय होईल ते सांगितलं नाही, कारण त्यालाही ते बघायचं सुचलं नव्हतं.

मी तिला ‘सॉरी’ म्हणालो. ती म्हणाली, “तेव्हा तू पण लहानच होतास रे.” मग थोडं थांबून म्हणाली, “आणि खरं सांगू? मला तेव्हा कुणीच आवडत नव्हतं. मला फक्त एस.टी.ने एकटीने जायचं होतं.”

ही तिची ओढ होती. एस.टी.ची खिडकी, हातात सायन्सची जाड पुस्तकं, एकटीने केलेला प्रवास. तिच्यासाठी कुणी गाणं लिहिलं नाही. त्यावर अजून सिनेमा आलेला नाही. आला तर मी पहिल्या दिवशी, पहिल्या शोला जाईन.

तुमच्यापैकी ज्या मुली ऐकतायत, त्यांना एक विनंती. नववी-दहावीत तुम्हाला काय हवं होतं, मुलगा सोडून, हे व्हॉइस नोटमध्ये सांगा. नाव नको असेल तर तसं सांगा, नाव घेणार नाही. पुढचा भाग त्यावरच करू. आणि मुलांनो, तुम्ही यावेळी फक्त ऐका.

भेटू पुढच्या शनिवारी. काळजी घ्या.